पातेल्याचा शॉट जागेवर लावण्याबाबत

मी, खाली सही करणारा, धंदा चित्रपट दिग्दर्शन (मारामारी आणि विनोद, दोन्ही एकाच तिकिटात), राहणार तिसरा मजला, जिन्यासमोरचं दार, आज पूर्ण शुद्धीवर आहे. मला कोणी धाक घातलेला नाही, गोड बोलून फितवलेलं नाही, आणि सकाळपासून चहाशिवाय काही घेतलेलं नाही. अशा स्थितीत राजीखुशीने हा कागद लिहून ठेवतो. पुढच्या आठवड्यात डॉक्टर माझी छाती उघडणार आहेत. ते म्हणतात, काळजीचं कारण नाही. उंचावरून उडी मारणाऱ्या प्रत्येकाला मीही आयुष्यभर हेच सांगत आलो, त्यामुळे या वाक्यात किती दम असतो ते मला ठाऊक आहे. यापूर्वी मी केलेलं मृत्युपत्र या कागदाने रद्द समजावं. त्यात माझ्या मेहुण्याचा उल्लेखसुद्धा नव्हता.

वकिलांनी मला बजावलं आहे की मृत्युपत्रात आठवणी लिहायच्या नसतात, फक्त काय आणि कोणाला एवढंच लिहायचं असतं. मी म्हटलं, "वकीलसाहेब, वस्तू आली कुठून ते सांगितल्याशिवाय ती कोणाची हे कसं कळायचं?" त्यावर त्यांनी हात जोडले आणि टंकायला माणूस दिला.

कलम पहिले. राहतं घर माझ्या स्वकष्टाच्या कमाईचं असून त्यावर कोणाचाही बोजा नाही. ते मी माझ्या पत्नीला देतो. तिने ते विकावं आणि तळमजल्यावरचं, दाराला एकही पायरी नसलेलं घर घ्यावं अशी माझी इच्छा आहे. ही अट नव्हे. तिला अटी घालायला मला तोंड नाही. हे घर घेताना ती म्हणाली होती, "खालचं बघू या हो. माझा भाऊ वर कसा चढणार?" मी म्हटलं, "अगं, वरून टेकडी दिसते." टेकडी अजूनही दिसते. तिचा भाऊ मात्र या घरात एकदाही आला नाही. तो जिन्याखालच्या कट्ट्यावर येऊन बसतो, खिडकीकडे तोंड करून "ताई" अशी हाक मारतो, आणि ती गुडघे धरत चहाचा थर्मास घेऊन खाली जाते. बहीणभाऊ तिथेच बसून तासभर बोलतात. मी वर टेकडी बघत बसतो.

कलम दुसरे. बँकेतल्या ठेवी, विम्याची रक्कम आणि जे काही रोख निघेल ते पत्नीला, तिच्या पश्चात मुलीला. कपाटाच्या किल्ल्या कुठे आहेत ते दोघींना माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे.

कलम तिसरे. कामाची हत्यारं. गळ्यात अडकवायची काच, जिच्यातून मी शॉटची चौकट बघत असे, ती माझ्या मुलीला. ती सिनेमाची संकलक आहे, म्हणजे मी जे पसरून ठेवायचो ते कापून जोडून ती उभं करते. या मृत्युपत्राची अंमलबजावणीही तिनेच करायची आहे. घडीची खुर्ची तिने ठेवू नये, त्या खुर्चीचा एक पाय ऐन वेळी दुमडतो आणि त्यामुळे दोन शॉट वाया गेले आहेत. शिट्टी कोणालाही देऊ नये. ती पितळेची आहे, मोडीत घालावी. त्या शिट्टीवर माणसं खाली पडायची.

शिट्टीचा विषय निघाला म्हणून सांगतो. मी या धंद्यात गाद्या उचलायला शिरलो. मारामारीचे प्रसंग बसवणारे एक उस्ताद होते, त्यांच्या पडणाऱ्या माणसांच्या खाली गाद्या अंथरायचं काम माझं. एकदा एक खलनायक ठरल्याप्रमाणे टेबलावरून आपटला, मारामारी संपली, आणि तो बिचारा एका पायात चप्पल घालून दुसरी शोधत फिरू लागला. कॅमेरा चुकून चालू राहिला होता. दुसऱ्या दिवशी ती फीत बघताना अख्खं युनिट पोट धरून हसलं. मारामारीला कोणी हूं की चूं केलं नव्हतं. त्या दिवशी माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला की हशा पडण्यात नसतो, पडल्यावर उठण्यात असतो. पुढे मी दिग्दर्शक झालो तो या एका गोष्टीच्या जोरावर. माझ्याकडे दुसरं काही नव्हतं.

त्यातून माझ्या सेटवर दोन नियम झाले. पहिला, पडलेला माणूस उठून उभा राहत नाही तोवर मी "कट" म्हणायचं नाही. दुसरा, "कट" ऐकू येत नाही तोवर पडलेल्याने ओरडायचं नाही, कितीही लागलं तरी. तो आवाज आला की सगळे धावत सुटतात, शॉटमधली गंमत जाते आणि सगळ्यांची मेहनत पाण्यात. दोन्ही नियम मी माझ्या माणसांकडून घोकून घेतले होते, आणि त्यांना त्याचा अभिमान होता. नव्या माणसाला ते सांगायचे, "आधी कट, मग आई गं." मला हे ऐकून बरं वाटायचं.

या माणसांतला सगळ्यांत चांगला होता माझा मेहुणा. त्याला सगळे उड्या म्हणतात, मीही तेच लिहितो. माझं लग्नही त्याच्याच हाडापायी झालं. तो नवीन असताना त्याचा हात मोडला, ते कळवायला मी त्याच्या घरी गेलो आणि दार त्याच्या बहिणीने उघडलं. मी निरोप विसरून पाणी मागितलं. लग्न ठरलं तेव्हा सासूबाई मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "मुलगा तुमच्या हाताखाली दिलाय, आता मुलगीही देतेय. दोघांना जपून खाली उतरवा." मी हो म्हटलं. त्या आता हयात नाहीत, याचं मला कधीकधी बरं वाटतं आणि मग असं वाटल्याची लाज वाटते.

कलम चौथे. जुने हिशेब. आमच्या नायकाला मी काहीही देत नाही. त्यांनी प्रत्येक मुलाखतीत "माझ्या सगळ्या उड्या मी स्वतः मारल्या" असं सांगितलं आणि मी प्रत्येक वेळी शेजारी बसून मान डोलावली. त्यांच्या सगळ्या उड्या उड्याने मारल्या. त्यांना मी उड्याचा कमरेचा पट्टा, तो लोखंडी पट्ट्या घातलेला, ठेवून जाणार होतो. पण पत्नी म्हणाली, "असलं काही कागदावर नको. आणि मान डोलावणाराही त्यातलाच." म्हणून देत नाही. देणार होतो, एवढी नोंद राहू द्यावी.

ज्या समीक्षकाने लिहिलं होतं की या दिग्दर्शकाला प्रेक्षकांना मारायचंय की गुदगुल्या करायच्यात हेच ठरवता येत नाही, त्याला माफ केलं आहे. तो बरोबर होता.

कलम पाचवे. वकील म्हणतात हे कलम फार लांबलं आहे. लांबू दे. बाकीचा कागद या कलमासाठी आहे.

लोक ज्याला 'शिडीचा सिनेमा' म्हणतात त्याबद्दल हे आहे. त्यात नायक चोरांच्या मागे शिडी चढतो, शिडी मागे कलते, तो एका दुकानाच्या कापडी छपरावर आपटतो, ते फाटतं आणि तिथून तो घरंगळत भांड्यांच्या हातगाडीवर पडतो. मग त्याने उठायचं, आपली टोपी शोधून डोक्यावर घालायची आणि पुन्हा धावत सुटायचं. नायकाच्या कपड्यांत उड्या होता. त्याचं तोंड दिसता कामा नये, म्हणून टोपी आणि कॅमेऱ्याकडे पाठ. त्याच्या सगळ्या कामात हे असंच. तोंड दिसलं की शॉट बाद.

मी शिट्टी वाजवली. शिडी कलली, छप्पर ठरल्याप्रमाणे फाटलं नाही, आणि तो गाडीवर नको तसा उतरला. टोपी उडून गेली. तो आमच्याकडे तोंड करून भांड्यांत पडला होता. उठेना. त्याचा हात शेजारी चाचपडत टोपी शोधत राहिला, एक पातेलं हाताला लागलं, ते त्याने उचलून डोक्यावर ठेवलं आणि दोन बोटांनी नीट बसवलं, जसा एखादा गृहस्थ कामावर निघताना टोपी सरळ करतो. मग तो तसाच निवांत पडून राहिला. युनिट हसून लोळायचं बाकी होतं. कॅमेरामनचे खांदे हलत होते. सगळ्यांत मोठ्याने मी हसत होतो.

आणि मी पाहिलं की त्याचा डावा पाय भलत्याच बाजूला वळला आहे. हे मला नंतर कळलं, असं मी लोकांना सांगितलं. ते खोटं आहे. मी हसता हसता पाहिलं, आणि मला वाटलं, थोडं थांबू, हा शॉट पुन्हा मिळणार नाही. तो उठला नव्हता, म्हणून मी कट म्हटलं नाही. नियमच होता ना. शेवटी कॅमेरामन म्हणाला, "रीळ संपलं," तेव्हा आम्ही धावलो. त्याला गाडीत घालून नेलं, पाठ आणि पाय दोन्ही गेले होते, आणि पत्नी सांगते, दवाखान्यातही तो तोंडातून चकार शब्द काढत नव्हता. आम्ही सगळ्यांनी त्याच्या धीराचं कौतुक केलं.

नायक म्हणाले, "तो मी नाही हे लहान मूलही सांगेल, हा तुकडा काढा." पण पहिल्याच खेळाला थिएटर असं काही गदगदा हसलं की तोंड कोणाचं हे कोणी बघितलंच नाही. तो शॉट राहिला. सिनेमा चालला, मी मोठा झालो. उड्याला मी माझ्या गोदामावर बसवलं, जिथे गाद्या आणि रिकामी खोकी ठेवतो. माणसं पडतात ती त्या खोक्यांवर. ती रचायचं काम त्याने हातात घेतलं आणि आजवर कोणाला साधं खरचटूही दिलं नाही. मी मात्र त्याला पोसतो आहे अशा थाटात दर महिन्याला गोदामात डोकावत असे. ते गोदाम, त्यातली सगळी खोकी आणि जागेचा भाडेपट्टा मी उड्याला देतो. खरं तर ते पूर्वीच त्याचं झालं आहे.

गेल्या वर्षी एका कंपनीने या सिनेमाच्या जुन्या फितीला झळाळी देऊन तो पुन्हा मोठ्या पडद्यावर लावायचं ठरवलं. मी मुलीला बोलावून सांगितलं, "पातेल्याचा शॉट काढून टाक."

ती म्हणाली, "बाबा, लोक त्यासाठी तर येणार आहेत."

"म्हणूनच काढ. माणसाची पाठ मोडलीय आणि लोक टाळ्या पिटतात. मला ते आता बघवत नाही."

"मामाला विचारलंत?"

"त्याला काय विचारायचं? त्याच्यासाठीच तर करतोय."

तिने काढला. मनाविरुद्ध काढला, ही नोंद मी मुद्दाम करतो, कोणी तिला बोल लावू नये. त्या रात्री मला कित्येक वर्षांनी गाढ झोप लागली. आपण काहीतरी फेडलं असं वाटलं.

उड्याची नात शाळेत जाते. तिला तो जन्मापासून सांगत आला होता की थांब, एकदा तो सिनेमा लागू दे, मग दाखवतो आजोबा कसे होते ते. इतक्या सिनेमांत त्याचं तोंड दिसलं ते फक्त त्या एका शॉटमध्ये, हे माझ्या ध्यानीमनी नव्हतं. मी त्यात त्याचा पाय बघत होतो. तो तिला घेऊन पहिल्याच दिवशी गेला, पाय लांब करता यावा म्हणून कडेची खुर्ची घेऊन बसला. शिडी कलली तेव्हा त्याने नातीचा हात धरला. "आता बघ हं." आणि पडद्यावर छप्पर, गाडी, भांडी, आणि लगेच नायक पुढच्या गल्लीत टोपी घालून पळतोय. नात म्हणाली, "आजोबा, तुम्ही कुठे होतात?" तो म्हणाला, "आज माझी सुट्टी होती गं." हे मला पत्नीने सांगितलं. सांगून ती स्वयंपाकघरात गेली.

दुसऱ्या दिवशी खालून हाक आली. "ताई" नव्हे, "भाऊजी." मी जिना उतरून खाली गेलो. त्या कट्ट्यावर मी पहिल्यांदाच बसलो.

तो म्हणाला, "पातेलं कुठे गेलं?"

मी म्हटलं, "तुझ्या दुखण्यावर लोक हसतात, ते मला बघवेना रे."

"मग तुम्ही डोळे मिटायचे. पिक्चर कशाला कापलात?"

तो काठीने फरशीवर रेघा ओढत राहिला. मग म्हणाला, "भाऊजी, लोक माझ्या पाठीवर नाही हसत. त्यांना पाठ माहीतच नाही. ते पातेल्यावर हसतात. ते तुम्ही सांगितलेलं नव्हतं, लिहिलेलं नव्हतं. तेवढं एक मी केलं होतं."

इतकं बोलून तो उठला. उठायला त्याला वेळ लागतो. मी हात पुढे केला, तो त्याने धरला, त्यात राग नव्हता. राग असता तर मला सोपं गेलं असतं.

मी कंपनीकडे गेलो, विनवण्या केल्या. ते म्हणाले, करारात आहे तसाच सिनेमा राहील, प्रेक्षकांची काही तक्रार नाही. कराराची मुदत या वर्षाच्या अखेरीस संपते आणि सगळे हक्क माझ्याकडे परत येतात. तेव्हा मी असेन की नाही, सांगता येत नाही. सबब असं लिहून ठेवतो की शिडीच्या सिनेमाचे सर्व हक्क, मूळ फितीसह, पुढची सगळी कमाई धरून, माझ्या मेहुण्याला मिळावेत. शॉट परत लावायचा की नाही, किती लांब ठेवायचा, हे त्याने ठरवावं. कापलेला तुकडा मुलीच्या टेबलावर गोल डब्यात आहे. तो जागेवर लागला तर नामावलीत नायकाच्या खालोखाल उड्याचं खरं नाव यावं, आणि त्यापुढे 'पातेल्याची कल्पना' असं लिहावं. मुलीला तिच्या मामाचं नाव माहीत आहे. युनिटमध्ये ते कोणाला माहीत नव्हतं, मला धरून. लग्नपत्रिकेवर मी ते एकदा वाचलं होतं, तेवढंच.

कलम सहावे. हे कलम मी परवा वाढवलं, म्हणून वकिलांना सगळा कागद पुन्हा टंकून घ्यावा लागला.

तो तुकडा परत जोडता येतो का हे बघायला मुलीने जुने डबे उघडले. त्या काळी संवाद आम्ही नंतर स्टुडिओत भरत असू. शूटिंगच्या वेळचा कच्चा आवाज फक्त जुळवाजुळवीपुरता घ्यायचा आणि टाकून द्यायचा, तो कोणी ऐकतही नसे. या शॉटचा तो आवाज डब्यात तसाच पडून होता. मुलगी मला टेबलापाशी घेऊन गेली. म्हणाली, "बाबा, बसा आधी."

शिडी करकरते. भांडी पडतात. मग हसू, सगळ्यांचं, त्यात माझं सगळ्यांत वर. पातेलं डोक्यावर ठेवल्याचा बारीक आवाज येतो. हसू चालूच. आणि त्या हसण्याखाली, अगदी हळू, ओठ न हलवता बोललेलं, उड्याचं: "भाऊजी, कट म्हणा ना. मला ओरडायचंय."

मी ते पुन्हा लावायला सांगितलं नाही. मुलीने माझ्या पाठीवर हात ठेवला.

हा आवाजही मी उड्यालाच देतो. ऐकायचा की जाळायचा, त्याची मर्जी. माझं हसणं त्यात आहे, ते कोणी पुसू नये.

कलम सातवे. माझ्या पश्चात भाषणं करू नयेत. नायकांना बोलू देऊ नये, ते आलेच तर त्यांना पाणी द्यावं. मला न्यायच्या वेळी माझा मेहुणा चालत येऊ शकणार नाही, तर त्याच्यासाठी गाडीत पुढची जागा ठेवावी आणि गाडी हळू हाकावी.

वकिलांनी सांगितलं की ज्याला काही द्यायचं आहे त्याची साक्षीदार म्हणून सही चालत नाही. त्यामुळे उड्याला आज सहीला बोलावून हा कागद दाखवता येत नाही. मी गेल्यावर मुलीने त्याला तो वाचून दाखवावा, जिन्याखाली नव्हे, ताईच्या नव्या घरात, सपाट जमिनीवर, आणि शेवटची ओळ मोठ्याने वाचावी. ती माझी आज्ञा समजावी. सेटवर तिचा मान ठेवायला तो कधी चुकला नाही.

कट. उड्या, आता ओरड.

(सही) लिहून ठेवणार, दिग्दर्शक. नाव वकिलांनी कागदाच्या माथ्यावर टंकलं आहे तेच.

साक्षीदार पहिले: (सही) इमारतीखालचे चष्मेवाले. लिहून ठेवणाऱ्यांनी माझ्यासमोर सही केली. सही करताना त्यांना चष्मा दोनदा पुसावा लागला, पण ते पूर्ण शुद्धीवर होते.

साक्षीदार दुसरे: (सही) कॅमेरामन, निवृत्त. कलम पाच आणि सहामधला मजकूर मी वाचला. रीळ संपेपर्यंत कॅमेरा मीही थांबवला नाही, हे माझ्या हाताने लिहितो.

स्थळ: राहत्या घराची बाहेरची खोली, खिडकी बंद करून.
तारीख: वकिलांच्या शिक्क्यात उमटली आहे ती.